नोटेवरचे सिंह, नागझिऱ्याचा वाघ

शाळेच्या आठवणी बाकीचे लिहितीलच, मी थोडा इतिहास लिहिते. राजमुद्रेवर सिंह आणि राष्ट्रीय प्राणी वाघ, हे आपण परीक्षेसाठी पाठ केलं. एका देशाला दोन प्राणी कशाला, हे मात्र वर्गात कुणी विचारलं नाही.

कोणतीही नवी नोट काढून बघा. उजवीकडे अशोकस्तंभाचे सिंह दिसतील आणि रिझर्व्ह बँकेच्या गोल शिक्क्यात ताडाच्या झाडाबरोबर वाघ.

सिंह आले सारनाथहून. सम्राट अशोकाने इ.स.पू. तिसऱ्या शतकात तिथे उभारलेल्या स्तंभाचं शीर्ष 1904-05 च्या उत्खननात सापडलं. ते उत्खनन करणारे एफ. ओ. ओर्टेल बांधकाम खात्यातले इंजिनिअर होते, हे वाचून मला उगाच आनंद झाला. 26 जानेवारी 1950 ला हे शीर्ष राजचिन्ह झालं. चार सिंहांपैकी तीनच दिसतात. खाली चक्र, बैल, घोडा आणि मुंडकोपनिषदातलं बोधवाक्य. मूळ शिल्पातलं उलटं कमळ वगळलं आहे. संविधानाच्या प्रतीसाठी हे चिन्ह रेखाटणारे दीनानाथ भार्गव मुलताईचे, म्हणजे नागपूर राजधानी असलेल्या जुन्या मध्य प्रांतातले. शांतिनिकेतनात शिकणाऱ्या या तरुणाने जिवंत सिंह पाहायला कोलकात्याचं प्राणिसंग्रहालय गाठलं. जंगलातला सिंह तोवर फक्त गीरमध्ये उरला होता.

वाघाची गोष्ट वेगळी. 1935 मध्ये रिझर्व्ह बँक सुरू झाली तेव्हा शिक्क्यासाठी ईस्ट इंडिया कंपनीच्या मोहरेवरचं चित्र घेतलं. त्यावर सिंह होता. भारताची ओळख म्हणून वाघ जास्त शोभेल, असं ठरवून तो बदलला. राष्ट्रीय प्राण्याचा मानही आधी सिंहाकडेच होता. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला तो वाघाकडे आला. वाघ अनेक राज्यांत होता आणि झपाट्याने संपत होता. 1973 मध्ये व्याघ्र प्रकल्प सुरू झाला, आपल्या विदर्भातलं मेळघाट पहिल्या नऊमध्ये. मला वाटतं, सिंह आपण अभिमानाने निवडला आणि वाघ काळजीपोटी.

ती काळजी नागझिऱ्यात अजून संपलेली नाही. 1970 चं हे अभयारण्य 2013 मध्ये नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्पात आलं. इथे जन्मलेला 'जय' उमरेड-कऱ्हांडल्याकडे गेला, देशभर गाजला आणि 2016 च्या एप्रिलनंतर गळ्यात कॉलर असूनही कुणाला दिसला नाही. 2023 मध्ये ब्रह्मपुरीकडच्या दोन वाघिणी कॉलर लावून नागझिऱ्यात सोडल्या. कॉलरमुळे वाघीण कुठे आहे ते वनखात्याला कळतं. पहाटे मोहफुलं वेचायला निघणाऱ्या बाईलाही ते निघण्याआधी कळायला हवं. नुसता संदेश पाठवणं आमच्या क्षेत्रात अवघड काम नाही. रेंज नसेल त्या गावात कोतवालाची दवंडी आहेच. तुमच्यापैकी जे वनखात्यात किंवा ग्रामपंचायतीत आहेत, त्यांनी मेळाव्यात मला जरूर गाठा.