केटामाइनाधारित नैराश्योपचार : सार्वजनिक आरोग्यविम्याचे संरक्षण

केटामाइन हे भुलीचे औषध किंवा त्याचा एस्केटामाइन हा घटक वापरून दाद न देणाऱ्या नैराश्यावर जे उपचार केले जातात, त्यांचा खर्च सरकारी वा सामाजिक आरोग्यविम्यातून भागवण्याची तरतूद. किमान दोन नैराश्यशामक औषधे योग्य मात्रेत आणि पुरेसा काळ देऊनही रुग्णाला उतार पडला नाही, तर त्याचे नैराश्य ‘दाद न देणारे’ समजतात. विम्याची तरतूद देशागणिक वेगळी आहे आणि ब्रिटनसारख्या देशात तर ती अंतर्गत सीमेवर बदलते. सर्वत्र एक गोष्ट मात्र सारखी दिसते : सरकारी तिजोरीतून पैसे मिळतात ते बहुधा एस्केटामाइनच्या नाकात मारायच्या फवाऱ्याला. शिरेतून दिले जाणारे जुने, स्वस्त केटामाइन त्या यादीबाहेर राहते.

औषध : अमेरिकेतील पार्क-डेव्हिस कंपनीसाठी काम करणाऱ्या कॅल्व्हिन स्टीव्हन्स यांनी १९६२ मध्ये केटामाइन तयार केले. १९६४ मध्ये ते माणसाला प्रथम टोचले गेले आणि १९७० मध्ये अमेरिकेत भुलीसाठी त्याला मान्यता मिळाली. श्वास आणि रक्तदाब फारसा न दाबता ते भूल देते, म्हणून युद्धभूमीपासून ग्रामीण रुग्णालयापर्यंत भूलतज्ज्ञांनी त्याच्यावर भरवसा ठेवला. त्याच्या रेणूची दोन रूपे असतात, डाव्या-उजव्या हातांसारखी, एकमेकांची आरशातली प्रतिबिंबे. दोन्हींचे समसमान मिश्रण म्हणजे केटामाइन आणि त्यांपैकी एक वेगळे काढले की एस्केटामाइन. २००० मध्ये येल विद्यापीठातील संशोधकांनी मोजक्या रुग्णांवर आणि २००६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेतील कार्लोस झाराते यांच्या गटाने अठरा रुग्णांवर केलेल्या चाचण्यांत असे दिसले, की भुलीपेक्षा बऱ्याच कमी मात्रेने नैराश्य काही तासांत हलके होते. नेहमीच्या गोळ्यांना त्यासाठी काही आठवडे लागतात. हा परिणाम टिकतो मात्र थोडेच दिवस, त्यामुळे मात्रा पुन्हा पुन्हा द्यावी लागते. विम्याचा सारा पेच या ‘पुन्हा पुन्हा’त आहे.

शिरेतून द्यायची रूढ मात्रा दर किलो वजनामागे ०.५ मिग्रॅ., चाळीस मिनिटांत. साठ किलोच्या माणसाला तीस मिग्रॅ. लागतात. दर मिलिलिटरमध्ये ५० मिग्रॅ. औषध असलेल्या दहा मिलिलिटरच्या कुपीत ५०० मिग्रॅ. असतात, म्हणजे एका माणसाला पाऊण मिलिलिटरही लागत नाही. या हिशेबाने औषधाची किंमत उपचाराच्या खर्चात नगण्य ठरते.

फवारा आणि खुर्ची : एस्केटामाइनचा फवारा (व्यापारी नाव स्प्रावॅटो) जान्सन या कंपनीचा. एका फवारणीत, म्हणजे फवारा मारायच्या एका उपकरणात, २८ मिग्रॅ. औषध असते आणि एका बैठकीला दोन किंवा तीन फवारण्या लागतात. रुग्णाने आधी दोन तास काही खायचे नाही, शेवटचा अर्धा तास पाणीही नाही. नाक शिंकरून, मान साधारण ४५ अंशांत मागे टाकून त्याने फवारणी स्वतःच हातात धरायची. तिच्यावर दोन हिरवे ठिपके असतात. एका नाकपुडीत दाबले की एक ठिपका जातो, दुसऱ्या नाकपुडीत दाबले की दुसरा. दोन्ही गेले म्हणजे फवारणी रिकामी झाली. मग पाच मिनिटे विसावा आणि पुढची फवारणी. चाळीस मिनिटांच्या सुमारास रक्तदाब पाहतात, कारण तो चढू शकतो. अनेकांना आपण शरीरापासून सुटे झाल्यासारखे वाटते, काहींना गुंगी येते. म्हणून निदान दोन तास आरोग्यकर्मचाऱ्याच्या नजरेखाली बसावे लागते आणि रात्रीची पुरेशी झोप होईपर्यंत वाहन चालवता येत नाही. पहिले चार आठवडे दर आठवड्याला दोन बैठका, पुढचे चार आठवडे एकेक, त्यानंतर आठवड्याने किंवा पंधरवड्याने एक. पहिल्या दोन महिन्यांतच बारा बैठका होतात आणि एकूण चोवीस तासांची देखरेख लागते. ती खुर्ची, ती खोली आणि तो परिचारक यांचे पैसे कोणी द्यायचे, याचे उत्तर दिल्याशिवाय कोणतेही विमासंरक्षण पुरे होत नाही. औषधांच्या याद्यांवर चर्चा करताना हा खर्च नेहमी मागे पडतो.

इंग्लंड व स्कॉटलंड : कागदपत्रे सर्वांत तपशीलवार उपलब्ध आहेत ती येथली. इंग्लंडमध्ये राष्ट्रीय आरोग्य सेवेने कोणत्या नव्या औषधावर पैसा खर्च करावा, हे ‘नाइस’ ही संस्था ठरवते. एखाद्या उपचाराने मिळणारे आयुष्य आणि त्या आयुष्याचा दर्जा एकत्र मोजून, निरोगी आयुष्याच्या एका वर्षामागे २० ते ३० हजार पौंडांच्या आत खर्च बसतो का, हा तिचा प्रचलित निकष होता. जानेवारी २०२० मधील मसुद्यात तिने एस्केटामाइनला नकार दिला. कंपनीने पुन्हा पुरावे दिले, फेरविचार झाला, आणि डिसेंबर २०२२ मधील अंतिम निर्णयातही नकार कायम राहिला. फवारणीची जाहीर किंमत १६३ पौंड होती. प्रत्येक बैठकीला तीन फवारण्या धरल्या तर पहिल्या बारा बैठकांचे औषधच ५,८६८ पौंडांचे होते. पण नकाराचे मूळ केवळ या आकड्यात नव्हते. उपचार किती काळ चालू ठेवायचा, थांबवल्यावर आजार किती जणांना पुन्हा गाठतो आणि देखरेखीसाठी मानसिक आरोग्य केंद्रांत नव्याने जागा व माणसे उभी करायला किती खर्च येईल, या प्रश्नांवर समितीला खात्रीलायक उत्तरे मिळाली नाहीत. हे आक्षेप रास्त होते. मात्र ही उत्तरे मिळवण्याची जबाबदारी अर्जदार कंपनीवरच सोडणारी पद्धत रुग्णाच्या दृष्टीने पुरेशी आहे का, हा प्रश्न उरतो.

स्कॉटलंडमध्ये हा निर्णय वेगळी समिती घेते. तिने सप्टेंबर २०२०मध्येच, म्हणजे नाइसच्या अंतिम नकाराच्या दोन वर्षे आधी, चालू आजारात किमान दोन औषधांना दाद न दिलेल्या प्रौढांसाठी एस्केटामाइन स्वीकारले. तेव्हापासून सारखाच आजार आणि सारखाच औषधोपचाराचा इतिहास असलेल्या दोन रुग्णांपैकी एडिनबरोच्या रुग्णाला जी वाट खुली आहे, ती न्यूकॅसलच्या रुग्णाला नाही.

ऑक्सफर्डमध्ये राष्ट्रीय आरोग्य सेवेच्याच संस्थेत रूपर्ट मॅकशेन यांनी केटामाइनचे उपचारकेंद्र उभे केले. तेथे शिरेतून केटामाइन दिले जाऊ लागले, पण रुग्णाने पदरचे पैसे भरून. सरकारी रुग्णालयाच्या छताखाली पैसे मोजून घ्यायचा उपचार ही ब्रिटनमध्ये दुर्मिळ गोष्ट आहे. केंद्राने रुग्णांच्या नोंदी ठेवण्यावर भर दिला, हे त्याचे विशेष.

अमेरिका : ५ मार्च २०१९ रोजी अन्न व औषध प्रशासनाने एस्केटामाइनला तोंडावाटे घ्यायच्या नैराश्यशामकाच्या जोडीने मान्यता दिली. त्यापूर्वी तज्ज्ञसमितीत १४ मते बाजूने, दोन विरोधात पडली होती आणि एक सदस्य तटस्थ राहिला होता. कंपनीच्या तीन अल्पकालीन चाचण्यांपैकी एकीतच फरक संख्याशास्त्रीय कसोटीवर स्पष्ट उतरला. हा पुरावा पुरेसा होता का, याबद्दल तज्ज्ञांत दुमत आहे. जानेवारी २०२५ मध्ये हे औषध एकट्याने देण्यासही मान्यता मिळाली. सुरुवातीची जाहीर किंमत ५६ मिग्रॅ.ला ५९० डॉलर आणि ८४ मिग्रॅ.ला ८८५ डॉलर होती.

ज्येष्ठ व अपंग नागरिकांच्या मेडिकेअर योजनेने २०२० पासून या उपचारासाठी दोन स्वतंत्र संकेतांक ठेवले : ५६ मिग्रॅ.पर्यंत जी २०८२, त्याहून अधिक मात्रेसाठी जी २०८३. त्यांत औषध, डॉक्टरांची तपासणी आणि दोन तासांची देखरेख हे सारे एकाच दरात बांधलेले असते. संकेतांक ही कारकुनी बाब वाटते, पण खुर्चीचा खर्च औषधाइतकाच उपचाराचा भाग आहे, हे त्यातून मान्य झाले. या योजनेत ठरावीक वजावटीनंतर सर्वसाधारणपणे वीस टक्के वाटा रुग्णाचा असतो आणि दर आठवड्याच्या उपचारात तोही जड होतो. गरिबांच्या मेडिकेड योजनेत तरतूद आहे, पण बहुधा पूर्वमंजुरी लागते. निवृत्त सैनिकांच्या आरोग्यसेवेने २०१९ मध्ये एस्केटामाइनला मर्यादित वाट मोकळी केली आणि तिच्या काही केंद्रांत शिरेतून केटामाइनही दिले जाते.

इतरत्र मात्र शिरेतून केटामाइन घेणारा रुग्ण बहुतेक वेळा स्वतःच पैसे भरतो, कारण नैराश्यासाठी त्याचा वापर मान्यतेबाहेरचा आहे. मान्यता हवी तर कोणीतरी मोठ्या चाचण्या करून अर्ज करायला हवा. केटामाइनचे पेटंट केव्हाच संपले आहे, ते कोणीही बनवू शकते, म्हणून त्यासाठी अर्ज करण्यात कोणत्याही कंपनीचा फायदा नाही. अर्जदार नाही म्हणून मान्यता नाही आणि मान्यता नाही म्हणून विमा नाही.

ऑस्ट्रेलिया : एस्केटामाइनची नोंदणी मार्च २०२१ मध्ये झाली. औषध-अनुदानाची शिफारस करणाऱ्या समितीने आधी नकार दिला होता. अखेर १ मे २०२५ पासून औषध अनुदानित यादीत आले आणि रुग्णाचा वाटा त्या वेळी ३१.६० डॉलरवर (सवलतधारकांना ७.७० डॉलरवर) आला. हे डॉलर ऑस्ट्रेलियन. अनुदान औषधाला आहे, देखरेखीचे शुल्क त्यात धरलेले नाही. जुन्या केटामाइनविषयी या देशाने मोलाचे काम केले. कॉलीन लू यांच्या नेतृत्वाखाली ऑस्ट्रेलिया व न्यूझीलंडमधील सात केंद्रांत झालेल्या चाचणीचे निष्कर्ष २०२३ मध्ये प्रसिद्ध झाले. त्वचेखाली टोचलेल्या केटामाइनने सुमारे २० टक्के रुग्ण नैराश्यातून जवळजवळ बाहेर आले, तुलनेसाठी मिडॅझोलॅम हे गुंगी आणणारे औषध दिलेल्यांत हे प्रमाण दोन टक्के होते. मात्रा गरजेनुसार वाढवत नेल्यावर हा फरक दिसला. फवाऱ्याच्या एका बैठकीला औषध व देखरेख धरून रुग्णाला सुमारे १२०० डॉलर लागतात, तर जुन्या केटामाइनला ३०० ते ३५० डॉलर, असे लू यांनी त्या वेळी सांगितले होते. या चाचणीला सार्वजनिक निधी मिळाला होता. अर्जदार नसलेल्या औषधाचा पुरावा कसा उभा करावा, याचे ते उदाहरण आहे.

कॅनडा व युरोप : कॅनडाच्या राष्ट्रीय मूल्यमापन संस्थेने एस्केटामाइनसाठी सार्वजनिक खर्च करू नये, अशी शिफारस केली. युरोपीय संघात डिसेंबर २०१९ मध्ये मान्यता मिळाली. खर्चाचे निर्णय देशोदेशी वेगवेगळे.

दुरुपयोग : केटामाइनची चटक लागू शकते आणि दीर्घकाळ मोठ्या मात्रेत घेतल्यास मूत्राशयाला इजा होते.

भारत : मानसिक आरोग्यसेवा अधिनियम, २०१७ च्या कलम २१(४) ने विमा कंपन्यांना मानसिक आजारासाठी शारीरिक आजाराप्रमाणेच संरक्षण देणे बंधनकारक केले आणि ऑगस्ट २०१८ मध्ये विमा नियामकाने तसे परिपत्रक काढले. कायदा स्पष्ट आहे, पण पॉलिसीची रचना रुग्ण चोवीस तास दाखल असण्याभोवती उभी आहे. केटामाइन घेतलेला रुग्ण संध्याकाळपर्यंत घरी जातो. त्यामुळे दावा टिकणे हे पॉलिसीतील ‘डे केअर’च्या कलमावर अवलंबून राहते. नियमांच्या दृष्टीने केटामाइन अनुसूची ‘एक्स’ मध्ये मोडते : डॉक्टरांची चिठ्ठी दोन प्रतींत लागते आणि एक प्रत विक्रेत्याने दोन वर्षे जपून ठेवायची असते.

सरकारी योजनांत प्रधानमंत्री जन आरोग्य योजना (२०१८) कुटुंबाला वर्षाला पाच लाख रुपयांपर्यंत संरक्षण देते. महाराष्ट्रात २०१२ मध्ये राजीव गांधी जीवनदायी या नावाने सुरू झालेली आणि २०१७ पासून महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना म्हणून ओळखली जाणारी योजना आता तिच्याशी जोडलेली आहे. केंद्रीय योजनेच्या मानसिक आजारांच्या पॅकेजांत विद्युत् आघात चिकित्सा (बोलीत ‘शॉक’) आहे, केटामाइन-उपचाराचे स्वतंत्र पॅकेज नाही. या तुलनेला वजन येते ते अमित आनंद व सहकाऱ्यांनी २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अमेरिकी चाचणीमुळे. नैराश्यात मनोविकृतीची लक्षणे नसलेल्या रुग्णांपैकी केटामाइन घेतलेल्या ५५ टक्क्यांनी प्रतिसाद दिला, तर विद्युत् आघात चिकित्सा घेतलेल्या ४१ टक्क्यांनी. विद्युत् आघात भूल आणि स्नायू शिथिल करणारे औषध दिल्याशिवाय देण्यास २०१७ च्या कायद्याने मनाई आहे, आणि ती भूल देताना कधी कधी केटामाइनच वापरतात. तेव्हा त्याचा खर्च त्या पॅकेजमध्येच येतो. तीच कुपी त्याच रुग्णाला नैराश्यावरचे औषध म्हणून दिली, तर तिला पॅकेज नाही.