दोन तापी आणि एक भात



तापी कोठे उगम पावते असे विचारले तर खानदेशातील शाळकरी मुलगाही मुलताईचे नाव सांगेल. परंतु तापी नावाची दुसरी एक नदी थायलंडात आहे. ती नाखोन सी थम्मरात प्रांतातील डोंगरात उगम पावते, सुमारे २३० किलोमीटर वाहून तेथील आखातास मिळते, आणि तिच्या मुखापाशी वसलेल्या शहराचे नावही सुरत असेच आहे, हे सांगितले तर सांगणाराच्या डोक्याविषयी शंका घेतली जाईल. निदान माझ्या घरी तरी ती घेतली गेली. मी राहतो कोसाडला. सुरतेहून भडोचकडे निघालेली गाडी तापीचा पूल ओलांडते, उत्राण मागे टाकते, आणि मग हे आमचे छोटे स्थानक लागते. वेगाच्या गाड्या येथे थांबत नाहीत. २००६ साली हे गाव सुरत महानगरपालिकेच्या हद्दीत आले. त्यानंतर शेतांच्या जागी घरकुलांच्या रांगा उभ्या राहिल्या, आणि आमच्यासारखे खानदेशी, गंजामकडचे उडिया, उत्तरेकडचे विणकर असे सगळे या एका गावाचे रहिवासी झाले.

या दुसऱ्या सुरतेची बातमी घरात आणली ती माझ्या पुतण्याने. तो सुरतेच्या हिरेबाजारात काम करतो, आणि त्या व्यवसायाच्या निमित्ताने बँकॉकला जाऊन आला. मंदिरे पाहिली काय, राजवाडा पाहिला काय, असे आम्ही विचारीत होतो. तो मात्र सांगत राहिला ते एका थाळीविषयी: पांढरा भात, त्यावर उकडलेल्या कोंबडीचे काप, शेजारी काकडी, वाटीत निवळ सार आणि एक तिखट-आंबट कालवण. त्या पदार्थाचे नाव मराठी कानाला मोठे चमत्कारिक लागते. 'खाव' म्हणजे भात आणि 'मन' म्हणजे स्निग्ध. शेवटच्या शब्दाचा उच्चार आपल्या 'काय' आणि 'गाय' यांच्यामधला आहे, आणि त्याचा अर्थ कोंबडी. तेव्हा भलता समज करून घेऊन कोणी दचकू नये.

ही थाळी आपण घरी करून पाहावी असे ठरले, आणि त्या निमित्ताने मी तिचा इतिहास शोधू लागलो.

प्रथम नावाची गोष्ट. सयामच्या गादीवर १९१० ते १९२५ या काळात वजिरावुध नावाचा राजा होता. हे नाव आपल्या वज्रायुधाचेच रूप आहे. ऑक्सफर्डला शिकलेला, शेक्सपिअरची भाषांतरे करणारा आणि शकुंतलेची कथा आपल्या भाषेत नेणारा असा हा विद्याव्यासंगी पुरुष. १९१५ साली दक्षिणेतील एका शहराला त्याने सुरात थानी असे नाव दिले. थानी म्हणजे आपल्या 'राजधानी'तील धानी. आणि पूर्ण नावाचा अर्थ तेथे 'सज्जनांचे नगर' असा करतात. सुरत तापीच्या मुखाशी आहे, हे शहरही नदीच्या मुखाशी आहे. तेव्हा नावात उणीव राहू नये म्हणून त्याच वर्षी त्या नदीचेही नाव तापी ठेवण्यात आले. सूर्यकन्या तापीला दूर देशी अशी एक धाकटी बहीण लाभली.

सयामच्या दरबाराला सुरतेचे नाव नवे नव्हते. अयोध्येवरून ज्याचे नाव पडले त्या अयुथ्या राज्याच्या काळापासून गुजरातचे आणि कोरोमंडलचे कापड सयामात जात असे. तिकडच्या पसंतीची नक्षी इकडे कळवायची, इकडच्या कारागिरांनी ती छापायची, आणि जहाजाने पाठवायची, असा तो व्यवहार. एकोणिसाव्या शतकात सुरतेचे मस्कती हे व्यापारी घराणे बँकॉकमध्ये स्थिरावले, आणि पेथापूरच्या कोरीव लाकडी ठशांनी छापलेले 'सौदागिरी' कापड सयामी स्त्रीपुरुषांच्या कमरेला आले. बँकॉकच्या नाना या गजबजलेल्या भागाचे नावही एका गुजराती घराण्याचेच आहे; आपल्या नानासाहेबांशी त्याचा संबंध नाही.

येथपर्यंत ही गोष्ट सुरतकराच्या छातीला चढते. परंतु मला जी थाळी शिजवायची होती तिचा या वैभवाशी काही संबंध नव्हता. ती कापडाच्या गाठींबरोबर गेली नाही, राजाज्ञेने तर नाहीच नाही. ती आणली चीनच्या दक्षिणेस असलेल्या हैनान बेटावरच्या गरीब माणसांनी.

हैनानचा वेनचांग तालुका कोंबड्यांसाठी प्रसिद्ध आहे. तेथली कोंबडी मंद पाण्यात उकडून खाण्याची रीत जुनी. तेथून माणसे शिडाच्या जहाजांत बसून ईशान्येच्या वाऱ्यावर दक्षिणेकडे निघाली: कोणी सिंगापूरला, कोणी मलायात, पुष्कळशी सयामात. परंतु बँकॉकचा मोठा व्यापार आधीच तेओच्यू चिन्यांच्या हाती होता. तांदळाच्या गिरण्या आणि पेढ्या त्यांच्या. उशिरा आलेल्या हैनानी माणसांच्या वाट्याला आले करवतीच्या गिरण्यांतले काम, मासेमारी, भाजीचे मळे, साहेबाच्या घरचा स्वयंपाक, चहाची दुकाने. त्यांच्यापैकी काही सामुई बेटावर नारळाच्या व्यापारात स्थिरावले. आणि गंमत अशी, की हे बेट आज त्या सुरात थानी प्रांतातच मोडते. त्यांचे जुने देऊळ तेथे अजून आहे. म्हणजे राजाने ज्या मुलुखाला आमचे नाव दिले, त्याच मुलुखात भाताची ही हंडी चुलीवर चढविणारे लोकही नांदत होते.

आता राजाकडे पुन्हा वळले पाहिजे, कारण खरी गोष्ट येथे आहे. १९१० च्या जून महिन्यात, म्हणजे वजिरावुधच्या वडिलांच्या कारकीर्दीच्या अखेरीस, चिन्यांवरील डोईपट्टी इतर प्रजेच्या बरोबरीने दरसाल वसूल करण्याचे ठरले. त्याच्या निषेधार्थ बँकॉकच्या चिन्यांनी दुकाने बंद केली. गिरण्या थांबल्या, बाजार ओस पडले, आणि काही दिवस राजधानीला धान्य-भाजी मिळेना. बंद मोडला, पण धास्ती राहिली. चार वर्षांनी, १९१४ साली, राजा झालेल्या वजिरावुधने 'अश्वबाहु' या टोपण नावाने एक लेख लिहिला. त्यात त्याने चिन्यांना 'पूर्वेचे यहुदी' म्हटले. हे लोक येथे मिळवितात आणि मन तिकडे ठेवतात, येथल्या मातीचे होत नाहीत, असा त्याचा आरोप. वास्तविक खुद्द राजघराण्याच्या रक्तात चिनी अंश होता! पुढे १९३९ पासून तर अनेक धंद्यांची दारे चिनी परदेशीयांना बंद करणारे कायदेही झाले.

१९१४ आणि १९१५ ही दोन साले शेजारी शेजारी ठेवून पाहावीत. समुद्रापलीकडील एका नगराचे नाव त्याने गौरवाने घेतले. मात्र जो माणूस त्याच्या राजधानीत रोज पहाटे हंडी चढवीत होता, त्याच्याकडे त्याने संशयाने पाहिले. मला त्या राजाचा राग येत नाही; त्याच्यासारखी वाक्ये मी कोसाडच्या स्थानकावर, रिक्षात, दुकानापुढे ऐकतो. ती कधी खानदेश्यांविषयी असतात, कधी उडियांविषयी. आणि आमचे खानदेशीही उडियांविषयी बोलताना मागे राहत नाहीत. मीही राहिलेलो नाही. २०२० च्या टाळेबंदीत यंत्रमाग थांबले, गंजामचे मजूर गावाकडे निघाले, आणि त्या वेळी माग चालविणारांच्या तोंडची भाषा बदललेली मी ऐकली. ती फार दिवस बदललेली राहिली नाही.

असो. हंडीकडे वळू.

पहिली अडचण कोंबडीवाल्याकडेच आली. आपल्याकडे कोंबडी सोलून देण्याची पद्धत. 'कातडी काढू नको' म्हटल्यावर त्याने दोनदा विचारून खात्री करून घेतली. पण या पदार्थाचा जीव कातडीत आणि तिच्याखालच्या चरबीत आहे. सव्वा किलोची अखंड कोंबडी आले, लसूण, मीठ आणि कोथिंबिरीच्या मुळ्या घातलेल्या पाण्यात सोडायची. पाणी खळखळू द्यायचे नाही. कडेने बारीक बुडबुडे येत राहतील इतकीच आच, आणि पाऊण तासाच्या आतबाहेर वेळ. मांडीच्या सांध्याशी सुरी टोचली की निघणारा रस निवळ हवा. लालसर असेल तर आणखी थांबावे, त्यात घाई नको. गावठी कोंबडी असेल तर वेळ पुष्कळ जास्त लागतो.

दरम्यान चरबीचे गोळे कढवून त्यात ठेचलेले लसूण-आले परतायचे, धुऊन निथळलेला तांदूळ त्यात हलकेच परतायचा, आणि मग साध्या पाण्याऐवजी कोंबडीचेच पाणी घालून भात शिजवायचा. तिकडे यात केवड्याच्या कुळातील एक सुगंधी पान घालतात. मला ते मिळाले नाही. तांदूळ मी सुरती कोलम घेतला. उरलेल्या पाण्यात कोहळ्याच्या फोडी शिजविल्या की सार तयार. कालवण आंबविलेल्या सोयाबीनचे, त्यात आले, लसूण, मिरची, शिरका आणि थोडी साखर. तिकडचे विक्रेते कोंबडीचे रक्त गोठवून त्याचे तुकडेही थाळीत ठेवतात. तेवढे आम्ही वगळले.

एका कोंबडीतून भात, मांस आणि सार अशा तीन गोष्टी निघाल्या, आणि पातेल्यात टाकण्यासारखे हाडांवाचून काही उरले नाही. ही युक्ती दरबारी बल्लवाला सुचली नसती. तिला नाइलाजच लागतो. आमच्याकडे रांदेरला, तापीच्या याच काठावर, खावसा नावाचा पदार्थ घरोघरी होतो. तो रंगूनला व्यापार करून परत आलेल्या कुटुंबांबरोबर आला. त्या कुटुंबांची बर्मातील मालमत्ता गेली, पेढ्या गेल्या. शेवया आणि नारळाच्या दुधाचा रस्सा तेवढा राहिला. सुरतकर त्याला आता सुरतीच म्हणतात. थायलंडातही तसेच झाले: ज्यांना परके म्हटले त्यांचा भात आता परदेशी पाहुण्यांना 'आमचा' म्हणून वाढला जातो, आणि वाढणारा खोटे बोलत नाही.

आमच्या घरातली पंगत मात्र सहज पार पडली नाही. पत्नीने झाकण उघडून पाहिले आणि विचारले, "अहो, ह्याला फोडणी केव्हा द्यायची?" फोडणी नाही, हळद नाही, काळा मसाला तर नाहीच, असे सांगितल्यावर ती काही बोलली नाही, पण मसाल्याचा डबा तिने ताटांच्या जवळ आणून ठेवला. आमची आई चाळीसगावकडची. १९०० साली सुरत आणि अमळनेर यांना जोडणारा लोहमार्ग सुरू झाला, त्याच मार्गाने पुढे तीही एका ट्रंकेसह सुरतेत आली. पहिला घास घेऊन ती म्हणाली, "हाई ते आजारी माणूसनं जेवन शे." नंतर तिने ते कालवण भातावर घेतले, आणखी घेतले, आणि तिसऱ्या वेळेस विचारले की हे लोक मूळचे कुठले. मी हैनानचे नाव सांगितले. ते कोठे आहे हे विचारण्याच्या भरीस न पडता तिने एवढेच विचारले, की गाव सोडून आले तेव्हा त्यांच्याबरोबर बायका होत्या की नव्हत्या.

सुरुवातीच्या काळात बहुतेक पुरुषच आले होते, असे मी सांगितले.

"मग स्वयंपाक त्यांनीच केला असेल," ती म्हणाली, आणि साराची वाटी तिने पुढे सरकविली.