दोन संक्रांती

आमच्या खुटबावात ऊसतोडीच्या धामधुमीत संक्रांत येते, साधारण १४ जानेवारीला. टिळक पंचांगवाल्यांची १० लाच होऊन जाते. मला यात दर्शनांमधला जुना वाद दिसतो: प्रत्यक्ष प्रमाण, म्हणजे डोळ्यांनी पाहिलेलं, मोठं की शब्द, म्हणजे ग्रंथाचं वचन?

गणिती केरो लक्ष्मण छत्र्यांनी १८६५ मध्ये प्रत्यक्षाची बाजू घेतली. गणितातलं ग्रहण आकाशात दिसलंच पाहिजे, म्हणून पंचांग आधुनिक वेधांवर बेतलं. राशिचक्राचा आरंभ रेवतीच्या ताऱ्यापाशी धरला. इतर पंचांगं तो दुसरीकडे धरतात; संक्रांतीतला चार दिवसांचा फरक त्यामुळे. याच फरकाने अधिकमास वेगळा पडला, की दिवाळीसुद्धा महिनाभर सरकते! लोकमान्य टिळकांनी पुढे छत्र्यांचाच पक्ष उचलला; टिळक पंचांग ते हेच.

ग्रहणाबाबत छत्रे बिनतोड. आरंभबिंदू मात्र कोणतीही दुर्बीण दाखवत नाही. तिथे त्यांनीही निवडच केली.