एका फोटोचा इतिहास आणि महाराष्ट्राचा १९८८ चा कायदा

माणसाच्या पेशीत गुणसूत्रं किती? आज शाळेतली पोरं सांगतील, ४६. पण १९२३ मध्ये थिओफिलस पेंटर यांनी ४८ सांगितली आणि तीसेक वर्षं पुस्तकांत तेच छापलं गेलं. सूक्ष्मदर्शकाखाली गुणसूत्रं एकमेकांवर चढलेली दिसायची, मोजायची कशी? पुढे पातळ द्रावणात पेशी फुगवून ती सुटी करायची युक्ती सापडली. डिसेंबर १९५५ मध्ये स्वीडनमधल्या लुंड इथे जो हिन त्जिओ यांनी मोजली, तर भरली ४६.

कॅरिओटाइप चाचणी म्हणजे हेच. पेशी वाढवायच्या, विभाजन होताना थांबवायच्या, गुणसूत्रांचा फोटो काढून २३ जोड्या लावायच्या. एखादं जास्त, कमी किंवा तुटून दुसऱ्याला चिकटलेलं असेल तर दिसतं.

१९५९ मध्ये पॅरिसमध्ये मार्थ गोतिए, जेरोम लेज्यून आणि रेमाँ त्युर्पां यांनी दाखवलं की डाउन सिंड्रोम असलेल्या मुलांत २१ क्रमांकाची गुणसूत्रं दोनऐवजी तीन असतात. तोवर आईबापाच्या दारूपासून गुप्तरोगापर्यंत वाट्टेल ती कारणं सांगितली जायची. एका फोटोनं तो कलंक पुसला.

१९६६ मध्ये गर्भजलातल्या पेशींचीही गुणसूत्रं तपासता आली. सत्तरच्या दशकात हे तंत्र भारतात आलं, ते गर्भातला दोष शोधायला. पण त्याच फोटोत शेवटची जोडीही दिसते: एक्स-एक्स की एक्स-वाय. आपल्याकडे अनेकांना तेवढंच बघायचं होतं! ऐंशीच्या दशकात मुंबईत गर्भजलपरीक्षेचा धंदा झाला. हुंड्याचा खर्च वाचवा, अशा अर्थाच्या जाहिराती झळकल्या.

त्याविरुद्ध स्त्री संघटना आणि आरोग्य कार्यकर्ते उभे राहिले. १९८८ मध्ये महाराष्ट्रानं देशातला पहिला कायदा केला, १९९४ मध्ये केंद्रानं. त्यांनी चाचणी बंद केली नाही, हे नीट लक्षात घ्या. केंद्राच्या कायद्यानुसार आईचं वय ३५ च्या वर असेल, दोन किंवा जास्त गर्भपात झाले असतील, तर गर्भाची तपासणी करता येते. गुन्हा आहे तो लिंग सांगण्याचा.

वारंवार गर्भपात होत असेल तर डॉक्टर नवरा-बायको दोघांचंही रक्त तपासायला सांगतात, कारण दोष कुणाच्याही गुणसूत्रांत असू शकतो. आणि वाय गुणसूत्र बापाकडूनच येतं. तेव्हा ‘मुलगीच झाली’ म्हणून सुनेला टोमणे मारण्याआधी आपल्या लेकाकडे बघा.