तळटीप : ‘मंद्रशाला’

१. मंद्रशाला : कादंबरीतील ही प्रयोगशाळा आणि तिच्या तळघरातून उठणारा, कानाला न कळणारा नाद सर्वस्वी काल्पनिक असला, तरी त्यामागचे भौतिकशास्त्र खरे आहे. ध्वनीची वारंवारता, म्हणजे दर सेकंदाला होणारी कंपने, हर्ट्झमध्ये मोजतात, आणि ती साधारण २० हर्ट्झच्या खाली गेली की माणसाला सहसा ऐकू न येणाऱ्या त्या ध्वनीला अवश्राव्य ध्वनी म्हणतात. गायनातील मंद्र सप्तक मात्र स्पष्ट ऐकू येत असल्याने लेखकाने योजलेले नाव काटेकोरपणे पाहता चुकीचे, पण देखणे आहे. हवा अशा ध्वनीची ऊर्जा फारच कमी शोषते, म्हणून तो दूरवर पोहोचतो : २७ ऑगस्ट १८८३ रोजी क्राकाटोआ ज्वालामुखीच्या स्फोटातून निघालेल्या दाबलहरीने पृथ्वीला अनेक फेऱ्या घातल्याची नोंद जगभरच्या वायुभारमापकांवर उमटली. तिसऱ्या प्रकरणात व्हाइसमध्ये आवळलेले तलवारीचे पाते आपोआप थरथरते, तो प्रसंग व्हिक टँडी या ब्रिटिश अभियंत्याच्या अनुभवाशी जुळतो. ज्या प्रयोगशाळेत भुताचा भास होई, तेथे पंख्यामुळे सुमारे १९ हर्ट्झची स्थिर लहर, म्हणजे भिंतींवरून परतून एकाच जागी हेलकावणारी लहर, तयार झाल्याचे त्याने १९९८ च्या निबंधात मांडले. हे स्पष्टीकरण एक-दोन खोल्यांतील निरीक्षणांवर उभे असल्याने सगळ्याच भुताटकीला ते लावणे धाडसाचे ठरेल.