कॅमेरा कुणाच्या हातात होता? वॉर्सा घेट्टोच्या चित्रफितीची कथा

१/ दुसऱ्या महायुद्धावरील माहितीपटांत एक दृश्य वारंवार दिसते. पदपथावर उपासमारीने कोसळलेले मूल आणि त्याच्याकडे न पाहता निघून जाणारी सुखवस्तू माणसे. हे दृश्य मुळात कुणी व कशासाठी टिपले, याचा हा मागोवा. #थ्रेड #इतिहास

२/ नाझींनी नोव्हेंबर १९४० मध्ये पोलंडच्या राजधानीतील ज्यू घेट्टो भिंत घालून बंद केला. सुमारे साडेतीन चौरस किलोमीटरांत चार लाखांहून अधिक माणसे कोंडली गेली. १९४२ च्या मध्यापर्यंत उपासमार व रोगराईने त्यांतील सुमारे ८० हजार जण दगावले.

३/ मे १९४२ मध्ये जर्मन चित्रीकरण पथक तेथे दाखल झाले आणि महिनाभर चित्रीकरण करीत राहिले. चित्रपट पूर्ण झालाच नाही. २२ जुलैपासून रहिवाशांची ट्रेब्लिंका मृत्युछावणीकडे रवानगी सुरू झाली.

४/ युद्धानंतर पूर्व जर्मनीच्या अभिलेखागारात सुमारे तासाभराची मूक रिळे सापडली. ओळख एवढीच : ‘डास घेट्टो’. ना निवेदन, ना श्रेयनामावली. पुढे कित्येक दशके त्यांतील तुकडे माहितीपटांत अस्सल वास्तव म्हणून वापरले गेले.

५/ १९९८ मध्ये अमेरिकी हवाई दलाच्या एका तळावर याच चित्रीकरणातील वगळलेला, सुमारे अर्ध्या तासाचा भाग हाती आला आणि बिंग फुटले. तेच दृश्य पुन्हा पुन्हा चित्रित होत आहे. त्याच व्यक्ती भिकाऱ्यांजवळून पुन्हा पुन्हा जात आहेत. एखाद्या चौकटीत खुद्द कॅमेरामन दिसतो आहे.

६/ ‘श्रीमंत ज्यू आपल्याच बांधवांविषयी निष्ठुर आहेत’, हे दाखविण्यासाठी रचलेला तो देखावा होता. ज्यू परिषदेचे प्रमुख अॅडम चेर्नियाकोव यांच्या रोजनिशीतही या चित्रीकरणाच्या नोंदी आहेत. रवानगी सुरू झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी, २३ जुलैला, त्यांनी आत्महत्या केली.

७/ इस्रायली दिग्दर्शिका याएल हेर्सोन्स्की यांनी २०१० च्या ‘अ फिल्म अनफिनिश्ड’ या माहितीपटात ही रिळे नव्याने मांडली. सोबत रोजनिशीतील नोंदी, पथकातील कॅमेरामन विली विस्ट याचा जबाब, आणि ती दृश्ये पाहणारे घेट्टोतून वाचलेले वृद्ध. फीत तीच, पण आता तिच्यासमोर साक्षीदार उभे होते.

८/ मग ही फीत खोटी ठरते काय? नाही. मांडणी बनावट होती, पण भूक खरी होती, प्रेते खरी होती. ज्यांना सक्तीने कॅमेऱ्यासमोर उभे केले, त्यांपैकी अनेकांचे चेहरे अन्यत्र कोठेही उरले नसतील. म्हणून ती टाकून देता येत नाही, आणि निवेदनाखाली नुसती पार्श्वभूमी म्हणून सरकवताही येत नाही.

९/ ताम्रपट वाचताना आपण तो कुणी, कुणाला, कशासाठी दिला हे विचारतो. बखरीच्या बाबतीत लेखक कुणाच्या पदरी होता हे पाहतो. चित्रफितीला मात्र ‘डोळ्यांनी दिसते आहे’ म्हणून सूट मिळते. ती देऊ नये. चित्रण कुणाचे, कधीचे, कुणाच्या हुकमावरून झाले आणि त्यातून काय वगळले, हे चार प्रश्न तिलाही विचारावेत.