वेळबचत पेढी

वेळबचत पेढी : जर्मन लेखक मिखाएल एन्डे (१९२९–९५) यांच्या ‘मोमो’ (१९७३) या कादंबरीतील एक काल्पनिक गुप्त संघटना. माणसांनी वाचवलेला वेळ ठेव म्हणून स्वीकारून तो व्याजासह परत करण्याची हमी ती देते. प्रत्यक्षात मात्र तो सगळा वेळ तिचे सभासदच फस्त करतात आणि त्यावरच जगतात. हे सभासद ‘करडे पुरुष’ म्हणून ओळखले जातात. राखेसारखा चेहरा, करडा पोशाख, डोक्यावर गोल टोपी, हातात शिशाच्या रंगाची बॅग आणि तोंडात सतत धुमसणारी छोटी करडी सिगार असे त्या सर्वांचे एकसारखे रूप असून त्यांना नावे नसतात, तर अक्षरे आणि आकडे मिळून झालेले क्रमांक असतात. ते जवळ आले की गारठा जाणवतो, पण एवढी चाहूल सोडली तर त्यांच्याकडे कोणाचे लक्ष जात नाही.

पेढी ठेवीदार कसे मिळवते, याचे सविस्तर चित्र फूझी या न्हाव्याच्या प्रकरणात येते. आपले आयुष्य फुकट गेले, अशी खंत करत तो दुकानात एकटाच बसलेला असताना पेढीचा हस्तक आत येतो आणि त्याच्यासमोर आकडेमोड मांडतो. सत्तर वर्षांच्या आयुष्यात २,२०,७५,२०,००० सेकंद असतात. त्यांपैकी बेचाळीस वर्षांच्या फूझीने १,३२,४५,१२,००० सेकंद आजवर खर्च केले आहेत. मग त्या खर्चाचे रकाने पडतात : झोप आठ तास, काम आठ तास, जेवण दोन तास, वृद्ध आईशी बोलणे एक तास, पाळलेल्या पक्ष्याची देखभाल पाव तास, खरेदी आणि घरकाम एक तास, मित्रमंडळी, गाणे व वाचन तीन तास, डारिया नावाच्या अपंग स्त्रीला रोज फूल नेऊन देणे अर्धा तास आणि झोपण्यापूर्वी खिडकीशी बसणे पाव तास. या सर्वांच्या सेकंदांची बेरीज आधीच्या आकड्यातून वजा केली की बाकी शून्य उरते आणि फूझी हादरतो.

ही खतावणी बारकाईने तपासण्यासारखी आहे. दिवसाच्या चोवीस तासांची वाटणी करून ती गेलेल्या वर्षांतून वजा केली, तर जगातल्या कोणाही माणसाची बाकी शून्यच येणार. शिवाय फूझी पाळण्यात होता ती वर्षेही त्यात दुकानाच्या आणि डारियाच्या नावावर पडलेली आहेत. ठेवीवरच्या परताव्याचा हिशेबही असाच आहे. ठेव दर पाच वर्षांनी दुप्पट होते, म्हणून रोज दोन तास याप्रमाणे चाळीस वर्षे वाचवणाऱ्याला मुद्दलाच्या २५६ पट, म्हणजे २६,९१,०७,२०,००० सेकंद मिळतील, असे हस्तक सांगतो. ही रक्कम सत्तर वर्षांच्या आयुष्याच्या बारा पटींहून जास्त भरते. पण पूर्ण २५६ पट वाढ केवळ पहिल्या दिवशी ठेवलेल्या सेकंदांची होऊ शकते, शेवटच्या वर्षीच्या ठेवीची नव्हे. प्रत्येक वर्षाची ठेव वेगळी धरून चक्रवाढ काढली, तर पेढीच्याच दराने तिचा आकडा या रकमेच्या एक-पंचमांशाहूनही कमी येतो. एन्डे यांनी ही चूक जाणूनबुजून ठेवली असो वा नसो, खोटा हिशेब अचूक आकड्यांत मांडला की तो खरा वाटतो, हे त्यांनी नेमके हेरले आहे. हस्तक निघून गेला की त्याच्या भेटीची आठवणही विरते, त्यामुळे वेळ वाचवण्याचा निश्चय आपण आपल्याच मनाने केला असे ठेवीदार धरून चालतो. पासबुक नाही, पावती नाही, तक्रार करावी तर कोणाविरुद्ध हेही ठाऊक नाही. पेढी गुप्त राहते ती यामुळे.

कादंबरीतील कल्पनेनुसार माणसांना वेळ देण्याचे काम माइस्टर होरा हा अधिपती करतो आणि तो वेळ प्रत्येकाच्या हृदयात ‘तासफुला’च्या रूपाने उमलतो. करडे पुरुष ही फुले भूमिगत कोठारांत गोठवून साठवतात, त्यांच्या पाकळ्या खुडून वाळवतात आणि त्यांच्या सिगार वळतात. ओढलेल्या सिगारीतला वेळ मृत होतो व तेवढ्यावर करडा पुरुष टिकून राहतो. सिगार हिरावून घेतली की तो क्षणात नाहीसा होतो. मोमो या निराधार मुलीच्या शांतपणे ऐकून घेण्याने भुलून पेढीचे गुपित बोलून गेलेल्या बीएलडब्ल्यू/५५३/सी या हस्तकाला रात्री कचराडेपोवर भरलेल्या न्यायालयात हीच शिक्षा होते. शेवटी होरा काळच थांबवतो, तेव्हा नवा वेळ मिळेनासा झालेले करडे पुरुष नाणेफेक करून आपलीच संख्या सहावर आणतात. मोमो हातातल्या एका तासफुलाच्या आणि कासिओपिआ या कासवाच्या मदतीने कोठाराचे दार बंद करते, त्यांचा पुरवठा तुटतो आणि साठवलेला वेळ माणसांकडे परत जातो. कादंबरीचा हा शेवट काहीसा सोपा वाटतो. पेढीच्या बांधणीत जी निष्ठुर तर्कशुद्धता आहे, ती तिच्या पतनात तितकी दिसत नाही.

एन्डे यांनी ही कादंबरी इटलीतील वास्तव्यात पूर्ण केली. १९७४ मध्ये तिला जर्मन बालसाहित्य पुरस्कार मिळाला आणि १९८६ मध्ये योहानेस शाफ यांनी तिच्यावर चित्रपट काढला, ज्यात होराची भूमिका जॉन ह्यूस्टन यांनी केली. पेढीकडे घाईच्या शहरी जीवनावरील टीका म्हणून सर्रास पाहिले जाते. व्याजावर वाढत जाणाऱ्या पैशाची टीका म्हणूनही ती वाचता येते, आणि सिल्व्हिओ गेझेल (१८६२–१९३०) यांनी मांडलेली ‘झिजणाऱ्या पैशा’ची कल्पना, म्हणजे साठवून ठेवल्यास मूल्य घटणारे चलन, कथेच्या पार्श्वभूमीला असल्याचे एन्डे यांनी स्वतः मान्य केले होते. ऑस्ट्रियातील व्योर्गल या गावाने असे चलन १९३२ मध्ये प्रत्यक्ष वापरून पाहिले. दरमहा एक टक्का किमतीचे तिकीट चिकटवल्याशिवाय तिथली नोट पूर्ण किमतीला चालत नसे. देशाच्या मध्यवर्ती बँकेच्या विरोधामुळे १९३३ मध्ये तो प्रयोग बंद पडला.

ही पेढी आणि आज अनेक देशांत चालणाऱ्या ‘वेळ बँका’ या भिन्न गोष्टी आहेत. जपानमध्ये तेरुको मिझुशिमा यांनी, योगायोगाने १९७३ मध्येच, ओसाका येथे अशी संस्था स्थापन केली आणि अमेरिकेत १९८० च्या दशकात एडगर कान यांनी ही कल्पना पुढे नेली. या बँकांत एकाने दुसऱ्यासाठी दिलेला एक तास कोणत्याही कामाच्या एका तासाबरोबर समान धरला जातो व त्यावर व्याज मिळत नाही.